तरणतलावाच्या मालकांस

श्रीयुत फार्महाऊसवाले साहेब,



शहापूर तालुक्यातल्या आमच्या डोंगरउतारावर तुम्ही तरणतलाव बांधलात आणि ऐन एप्रिलात तो विहिरीच्या पाण्याने भरायला काढलात, याबद्दल वाडीतर्फे अभिनंदन. तानसा आणि भातसा मुंबईच्या नळाला कधीच गेल्या. विहीर तेवढी मागे राहिली होती. तिचीही सोय लागली.

काही लोक उगाच हिशेब करतात. दहा मीटर लांब, पाच रुंद, सरासरी दीड मीटर खोल, म्हणजे 75 हजार लिटर. सरकारी मापाने खेड्यातल्या माणसाला रोज 55 लिटर. तेव्हा तीनशे वस्तीच्या वाडीचे साडेचार दिवस. एवढे काय त्यात! शिवाय उन्हाने रोज सात-आठ मिलिमीटर पाणी उडते, तेही साडेतीन-चारशे लिटर. त्यात सात माणसांचा दिवस निघतो, पण माणसांना सवय असते.

कोणी कुरकुरले की तुम्ही सातबारा दाखवता. रास्तच आहे. सार्वजनिक पेयजल स्रोतापासून 500 मीटरच्या आत विहीर खोदायची तर परवानगी हवी, असे 1993 च्या कायद्याने ठरवले. तुमची विहीर त्याहून जुनी, जमिनीसोबत आयती आलेली. अडाणी आहे तो खालचा कातळ. त्याला तलाठ्याची नोंद वाचता येत नाही. काळ्या पाषाणात पाणी राहते ते भेगांत आणि वरच्या मुरमात, आणि भेगा काही तुमच्या कंपाउंडपाशी थांबत नाहीत. इकडे तुमचा पंप सुरू झाला की तिकडे वाडीच्या विहिरीत पोहरा तळ खरवडतो. पाऊस इथे धो धो पडतो, हे तुम्हाला जमीन विकणाऱ्याने सांगितले असेल. तो उतारावरून तसाच वाहून जातो, हे सांगायचे राहिले असावे.

एक शेजारधर्माचा सल्ला. उपसताना पाणी नितळ दिसते, पण त्यात लोह असले तर क्लोरीन पडताच गंजाचा रंग चढतो. निळ्या फरशीवर कोरा चहा शोभणार नाही. आधी तपासून घ्या, कारण पाहुणे रुसले की तुम्ही तलाव ओतून पुन्हा भराल, ही आमची धास्ती.

तसे ठरलेच तर आदल्या दिवशी निरोप धाडा. बायका हंडे घेऊन येतील. भांड्या-कपड्यांना ते पाणी चालेल. आत उतरायला पोहण्याचा पोशाख सक्तीचा असल्यास तेही कळवावे.

आपली,
खालची वाडी