एकाग्रतेचा भोंगा

मन एकाग्र करायचं तर आधी काहीतरी विकत घ्यावं लागतं, ही समजूत आजची नाही. १९२५ साली अमेरिकेतले संपादक ह्यूगो गर्न्सबॅक यांनी आपल्या ‘सायन्स अँड इन्व्हेन्शन’ मासिकात ‘आयसोलेटर’ नावाचा टोप सादर केला. लाकडी सांगाडा, त्याला बुचाचं अस्तर, डोळ्यांपुढे काचा. त्या काचाही काळ्या रंगवून जेमतेम एक फट मोकळी ठेवलेली, म्हणजे कागदावरची एका वेळी एकच ओळ दिसावी. बाहेरचा आवाज बंद, आजूबाजूची हालचाल बंद. फक्त पंधराएक मिनिटांत आतला माणूस पेंगू लागायचा, म्हणून ऑक्सिजनची टाकी जोडावी लागली. विज्ञानकथांचे ‘ह्यूगो’ पुरस्कार याच गृहस्थांच्या नावाचे. तेव्हा त्यांच्या कल्पनाशक्तीबद्दल कुणी शंका घेऊ नये.

आताच्या साधकांना टाकी लागत नाही. ते कानाला हेडफोन लावतात आणि फोनपासून दूर राहण्यासाठी फोनमध्येच ॲप घेतात. ‘फॉरेस्ट’ नावाच्या ॲपमध्ये फोन बाजूला ठेवला की पडद्यावर झाड वाढतं, मध्येच चुळबुळ केली की ते वाळतं. मग झाड किती वाढलं हे बघायला साधक दर दोन मिनिटांनी फोन उचलतो. आयफोनमध्ये २०१८ पासून ‘स्क्रीन टाइम’ आहे. ठरलेली वेळ संपली की तो तंबी देतो आणि लगेच पळवाटही दाखवतो: आणखी एक मिनिट हवंय, पंधरा मिनिटांनी आठवण करू, की आजच्यापुरतं सोडून देऊ? आरोपीलाच शिक्षा विचारणारं इतकं प्रेमळ न्यायालय दुसरं नसेल.

पान उलटायचे कष्ट वाचावेत म्हणून २००६ मध्ये डिझायनर आझा रास्किन यांनी वेबसाइटवरचं न संपणारं पान बनवलं. पुढे त्याबद्दल त्यांनी जाहीर खंतही व्यक्त केली. ती खंत लोकांनी अंगठ्यानं वर सरकवली आणि पुढचा व्हिडिओ पाहिला.

सांगली जिल्ह्यातल्या कडेगाव तालुक्यातल्या मोहित्यांचे वडगाव या गावाला मात्र ॲप सुचलं नाही. कोरोनाच्या काळात ऑनलाइन शाळेच्या निमित्तानं पोरांच्या हाती फोन आले. शाळा उघडल्या तरी ते हातातून सुटेनात. २०२२ च्या स्वातंत्र्यदिनाच्या तोंडावर गावातल्या बायकांची सभा भरली आणि भोंगा घ्यायचं ठरलं. संध्याकाळी सात वाजता देवळावरचा भोंगा वाजला की घराघरातले टीव्ही आणि फोन बंद. साडेआठपर्यंत पोरांनी अभ्यास करायचा, थोरांनी वाचायचं नाहीतर बोलायचं. हे जमेल का, अशी शंका होतीच. म्हणून आशा सेविका, अंगणवाडी सेविका, ग्रामपंचायतीचे कर्मचारी आणि निवृत्त शिक्षक घरोघर फिरले.

यात तंत्रज्ञान म्हणावं तर एक भोंगा. त्याला पासवर्ड नाही, ‘आणखी एक मिनिट’ नाही. शिवाय तो एकट्यासाठी वाजत नाही. शेजारचा टीव्ही चालू असता तर मालिकेत काय झालं या काळजीनं कुणाचा अभ्यास झाला असता? इथे सगळ्यांचीच मालिका एकदम बुडते, त्यामुळे कुणाचंच काही बुडत नाही. शहरातल्या सोसायट्यांनी हे करून बघायला हरकत नाही. पण तिथे भोंग्याच्या आवाजाची तक्रार आधी व्हॉट्सॲप ग्रुपवर येईल आणि तिच्यावरची चर्चा साडेआठच्या पुढे जाईल.

वडगावची बातमी पुढे बीबीसीपर्यंत पोहोचली. दीड तास फोन बंद ठेवणारं गाव लोकांना फार आवडलं. त्यांनी फोनवर ती बातमी वाचली, टाळ्यांचे इमोजी टाकले आणि ती तातडीनं तीन ग्रुपांवर पाठवली, संध्याकाळी सव्वासात वाजता.