दगडकाका

दिल्लीतल्या लक्ष्मीबाई नगरच्या सरकारी क्वार्टरांत एखाद्या दारावर ‘चपला बाहेर, दगड आत’ असं स्वागत झालं, तर समजावं की आपण दगडकाकांकडे आलो. क्वार्टर सुनेच्या नावावर आहे. बाल्कनी काकांच्या ताब्यात. तिथे एक तुळस, एक कपड्यांची दोरी आणि बाकी सगळा सह्याद्री.

दगडकाका ही काही एकच व्यक्ती नव्हे, तो वाण आहे. केंद्र सरकारात चाळीस वर्षं फायली सरकवून निवृत्त झालेला, हिंदीत भांडणारा आणि मराठीत उसासे टाकणारा, खिशात रुमालाऐवजी भिंग बाळगणारा. नवा दगड हाती आला की आधी तो चाटतात. ओल्या दगडाचे कण नीट दिसतात, ही भूगर्भशास्त्राची खरी रीत आहे. पण सोसायटीच्या बागेत म्हाताऱ्याला दगड चाटताना पाहिलेल्या शेजारणीला ते कसं पटावं? तिने परस्पर सूनबाईंना विचारलं, “घर में खाना ठीक से मिलता है ना?”

अशा सात-आठ काकांचं रविवारी मंडळ भरतं. मंडळाला नाव नाही, कारण नावावर तीन बैठका होऊन एकमत झालं नाही. कामकाज मात्र मंत्रालयाच्या थाटात: दगड ‘अवलोकनार्थ सादर’ होतो, त्यावर टिपणी होते, पोहे आले की विषय पुढील बैठकीत जातो. मूळ सिद्धान्त सर्वांना मान्य आहे. सुमारे 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वी लाव्हाचे थरांवर थर पसरले, त्यातून दख्खनचा काळा बेसॉल्ट झाला. त्याला ‘ट्रॅप’ का म्हणतात, यावर एका नवख्याने ‘सापळा’ असं उत्तर दिलं होतं. तो शब्द स्वीडिश, अर्थ जिना. घाटातले डोंगर पाहावेत, पायऱ्याच आहेत. नवख्याला पोहे उशिरा मिळाले.

सिद्धान्त संपला की तालुके सुरू होतात. जळगावचे काका हिरवट अपोफिलाइट काढतात. पुण्याचे काका ते झिओलाइट नव्हेच, असं शांतपणे (म्हणजे पुणेरी शांतपणे) सांगतात आणि वाघोलीच्या खाणीतलं निळंशार कॅव्हन्साइट कापसातून उलगडतात. हे खनिज पहिल्यांदा अमेरिकेत ओरेगनला सापडलं, एवढी एकच गोष्ट ते सांगायची विसरतात. रत्नागिरीचे काका जांभ्याचा तुकडा घेऊन कोपऱ्यात बसलेले. त्यांना सभासदत्व द्यावं की नाही, हा वाद बरेच दिवस चालला. “जांभा म्हणजे तुमचाच बेसॉल्ट हो, फक्त आमच्या पावसात मुरलेला,” असं म्हणून त्यांनी प्रवेश मिळवला.

दिल्लीच्या दगडाबद्दल मंडळाचं धोरण ठरलेलं आहे. इथल्या रिजवरचा क्वार्टझाइट शंभर कोटींहून अधिक वर्षांचा, आपल्याहून कितीतरी ज्येष्ठ. “वयाने मोठा आहे, नमस्कार करू,” काका म्हणतात. “पण आपला तो आपला. आणि आग्र्याकडच्या लाल दगडावर चटणी वाटून बघा, निम्मा किल्ला पोटात जातो.”

म्हणूनच काकांनी फार वर्षांपूर्वी गोवा एक्स्प्रेसने पाटा-वरवंटा आणला, होल्डॉलमध्ये गुंडाळून. निजामुद्दीनला हमालाने ओझं डोक्यावर घेतलं आणि कळवळून विचारलं, “बाबूजी, बिस्तर में पत्थर भरे हैं क्या?” काका सत्यवचनी. “हाँ,” म्हणाले. हमालाला तो टोमणा वाटला आणि त्याने दुप्पट पैसे घेतले.

जादूवर मात्र काकांचा विश्वास नाही. बाजारात कोणी जळगावचा स्फटिक ‘मन:शांतीसाठी’ विकताना दिसला की यांची मन:शांती जाते. “अहो, खडीच्या खाणीत सुरुंग लावल्यावर निघालेला माल हा!” खरी जादू दाखवायची म्हणून त्यांनी एकदा झिओलाइटचा प्रयोग केला. 1756 मध्ये क्रोनस्टेट नावाच्या स्वीडिश माणसाने हा दगड तापवला, तेव्हा तो उकळल्यासारखा फुगला; म्हणून नाव ‘उकळता दगड’. आतल्या पाण्याची वाफ होते, एवढंच. काकांनी स्टिल्बाइटचा खडा चिमट्यात धरून गॅसवर नेला. मंडळ ओट्याभोवती श्वास रोखून उभं. खडा पांढरा पडला, जरासा फुलला, आणि तडकून शेजारच्या आमटीत पडला. काकू आतून आल्या. त्यांनी आधी आमटीकडे पाहिलं, मग विद्वानांकडे. त्या रविवारचं इतिवृत्त लिहिलं गेलेलं नाही.

पण परवा वरच्या मजल्यावरच्या मुलीच्या बाळाचं बारसं होतं. दिल्लीत जन्मलेली मुलगी, जावई लखनौचा. तरी आजीला वरवंटा हवाच होता. काकांनी तो स्वतः जिना चढून नेला. रीतीप्रमाणे बाळाआधी वरवंट्याला कुंची घातली, काजळाची तीट लावली, पाळण्याखालून-वरून बायकांनी हातोहात फिरवला. लखनौची मंडळी चकित. जावयाच्या वडिलांनी हळूच विचारलं, “ये किसका बच्चा है?” काकांनी खिशातलं भिंग अर्धवट बाहेर काढलं, पुन्हा आत ठेवलं आणि म्हणाले, “हमारा. थोडा बड़ा है, छह करोड़ साठ लाख का.”

रात्री वरवंटा परत आला. काकूंनी वाटणाला घ्यायचा म्हणून कुंचीला हात घातला, तर काका म्हणाले, “राहू दे गं आजची रात्र. जानेवारी आहे.”