आप्पा आणि दहा तालुके

प्रत्येक हायस्कूलला एक आप्पा असतात. ते तिथे शिक्षक नसतात, संस्थेच्या कार्यकारिणीवर नसतात, त्यांचा नातूसुद्धा एव्हाना इंग्लिश मीडियमला गेलेला असतो. तरी शाळेत नवा पी.टी.चा मास्तर रुजू झाला की हजेरीपुस्तकावर सही करायच्या आधी त्याची आप्पांशी गाठ घालून देतात. पुढे कटकट नको म्हणून.

आमच्या शिंदखेड्याचे आप्पा पंचाहत्तरीच्या पुढचे. पांढरा पायजमा, कॅनव्हासचे बूट, गळ्यात शिट्टी. ती वाजवायचा अधिकार त्यांना कुणी दिला हे विचारायची हिंमत आजवर झालेली नाही. मनगटावर चावीचं एचएमटी. मोबाइलमधल्या स्टॉपवॉचवर त्यांचा काडीचा विश्वास नाही. "त्याले चावी कोन देस?" असा रोकडा सवाल असतो.

माणूस ते बॅचवरून ओळखतात. नाव, आडनाव, गाव हे सगळं नंतर. आधी "तू कोनता सालना?" तुम्ही साल सांगितलं की आप्पा क्षणभर डोळे मिटतात आणि म्हणतात, "त्या साली रिलेत आपला बॅटन पडला." तुमचा त्या रिलेशी काही संबंध नसतो. तुम्ही त्या दिवशी बहुधा शाळा बुडवून सिनेमाला गेलेले असता. तरीही आपल्याच हातून बॅटन पडल्यासारखं तोंड करून उभं राहावं लागतं.

शाळेच्या इतिहासाची त्यांच्या लेखी दोनच युगं, अकरावीवाले आणि दहावीवाले. दहावीची पहिली परीक्षा १९७५ च्या मार्चमध्ये झाली, त्याआधी अकरावीला मॅट्रिक. आप्पा अकरावीवाले. नंतरच्यांबद्दल त्यांना मनापासून कीव येते. अभ्यास एक वर्षाने कमी झाला त्याचं काही नाही, तो आम्ही तरी कुठे केला होता, पण पोरांचं एक वर्षाचं मैदान बुडालं, हे त्यांचं दुःख.

मध्यंतरी शाळेची स्मरणिका निघायची होती. समितीतल्या कुणाच्या तरी डोक्यात आलं की शाळेचा इतिहास आप्पांनाच लिहायला सांगावा. आप्पांनी महिनाभरात फुलस्केपचा गठ्ठा आणून दिला. तो वाचून अध्यक्षांना घाम फुटला. संस्थापक, देणगीदार, इमारतीचं उद्घाटन यांचा कुठे पत्ता नाही. पण लांब उडीचा खड्डा कुठल्या वर्गाने खणला, बुराई नदीच्या पात्रातली वाळू कुणाच्या बैलगाडीतून आली, पहिल्या खेपेत खडे निघाले म्हणून ती परत कशी पाठवली, हे सविस्तर. मुख्याध्यापकांपैकी फक्त एकाचा उल्लेख होता. त्यांनी मैदानातून सायकल नेली होती.

एक अख्खं प्रकरण 'तालुक्यातील धावण्याची परंपरा' या नावाचं. त्याची सुरुवात चिमठाण्यापासून. १४ एप्रिल १९४४ रोजी धुळ्याहून नंदुरबारला चाललेला सरकारी खजिना चिमठाण्याजवळ क्रांतिकारकांनी लुटला, साडेपाच लाखांचा. साताऱ्याच्या प्रतिसरकारचे जी. डी. बापू लाड आणि नागनाथअण्णा नायकवडी, इकडचे डॉ. उत्तमराव पाटील, ही सगळी मंडळी त्यात होती. इतिहासाच्या सरांनी समजावून पाहिलं की आप्पा, हे स्वातंत्र्यलढ्यात बसतं, ॲथलेटिक्समध्ये नाही. आप्पा म्हणाले, "पोलीस मांगे व्हतात, तव्हय त्या चालत गयात का?" सर गप्प बसले. आप्पांच्या इतिहासात सगळे पळतच असतात.

त्यांची स्वतःची शर्यत आठशे मीटरची. शाळकरी वयात धुळ्याला जिल्हा स्पर्धा, आणि त्या वेळचा धुळे जिल्हा म्हणजे आताचं नंदुरबार धरून दहा तालुके. आप्पा शेवटच्या वळणापर्यंत पुढे. तिथे अक्राणीकडचा एक अनवाणी पोरगा, सातपुड्याच्या चढावर वाढलेला, बाजूने सूं करून निघून गेला. आप्पा दुसरे. ही गोष्ट मी लहानपणापासून ऐकत आलोय. पूर्वी तो पोरगा दहा पावलांनी जिंकायचा. मी कॉलेजात असताना पाच पावलांवर आला. गेल्या दिवाळीत तर आप्पांची हार नुसती छातीवर गेली होती. आणखी चार-दोन वर्षं गेली की आप्पा जिंकणार, यात मला शंका नाही. पण त्या पोराला मात्र ते अवाक्षर बोलत नाहीत. "काय पाय होते!" म्हणताना त्यांचा आवाज वेगळाच लागतो.

म्हणूनच १ जुलै १९९८ ही तारीख त्यांना बोचते. त्या दिवशी नंदुरबार वेगळा जिल्हा झाला. नवापूर, शहादा, तळोदा, अक्कलकुवा, अक्राणी सगळे तिकडे गेले. धुळ्याकडे उरले धुळे, साक्री, शिरपूर आणि आम्ही. पुढे आमच्या पोरांचे नंबर येऊ लागले. एकाची तर स्टेशनपासून मिरवणूक काढली, गुलाल, बँड, सगळं. आप्पा कडेला उभे. "नंदुरबार काढी टाकं आनि म्हने पहिला उना!" पोराचा बाप महिनाभर बोलत नव्हता. आप्पांच्या वहीत त्या पोराची नोंद आजही अशी आहे: पहिला (चार तालुक्यांत).

वर्गणी मागायला आले की आप्पा जास्तच अवघड होतात. कुणा गरीब पोरीला स्पाइक्स घ्यायचे असतात. दुकानदार शंभराची नोट काढतो. मग आप्पा स्टुलावर बसून सुरू करतात, की १९५२ साली खाशाबा जाधवांना हेलसिंकीला पाठवायला कोल्हापूरच्या प्राचार्य खर्डेकरांनी घर गहाण टाकून सात हजार उभे केले, तेव्हा कुठे देशाला कुस्तीतलं ब्राँझ दिसलं. दुकानदार पाचशे देऊन सुटतो. घर गहाण टाकण्यापेक्षा ते स्वस्तच.

हल्ली मैदान खरं जागं असतं ते पहाटे. शाळेच्या पोरांपेक्षा पोलीस भरतीवाले जास्त. पोरांना सोळाशे, शंभर आणि गोळा; पोरींना आठशे, शंभर आणि गोळा. कोरडवाहू शेती, कापसाचा भाव कधी आहे कधी नाही, अशा घरांमधली ही मुलं मिट्ट अंधारात येऊन फेऱ्या मारतात. त्यांना कोच नाही, क्लासची फी परवडत नाही. आप्पा घरून टॉर्च आणतात, वाकून स्वतः फक्की मारतात, आणि एचएमटी डोळ्यांशी धरून प्रत्येकाची वेळ वहीत उतरवतात. पैसा घेत नाहीत. शिव्या मात्र भरपूर देतात. गुडघा दुखतो म्हणणाऱ्याला मोहरीचं तेल आणि कळण्याची भाकरी, एवढीच त्यांची डॉक्टरकी.

मागे एक मुलगी भरती झाल्याचे पेढे घेऊन त्यांच्या घरी गेली. पाया पडली, रडली. आप्पांनी पेढा तसाच हातात धरला आणि विचारलं, "आठशेले कितला लागनात?" तिने वेळ सांगितली. आप्पांनी वही काढून ताडून पाहिली, आणि मगच पेढा खाल्ला.

स्मरणिकेत त्यांचा इतिहास शेवटी दीड पान छापला, चिमठाणं वगळून. मूळ गठ्ठ्याच्या झेरॉक्स आप्पांनी स्वखर्चाने काढून ठेवल्या आहेत. तुम्ही शिंदखेड्याचे असाल तर एक मागून घ्या. साल विचारतील, ते खरं सांगा. आणि मैदानातून जाताना फक्कीवर पाय देऊ नका.