मुक्काम पोस्ट कर्नल

प्रति,
मा. अँटी-चीट साहेब,
मुक्काम पोस्ट कर्नल, रिंग शून्य,
व्हाया आमचाच पीसी.

विषय : आपल्या इन्स्टॉलेशनमध्ये येणाऱ्या एररच्या खुलाशाबाबत.
संदर्भ : आपली पत्रे क्र. ३०००५, ५७७ आणि व्हॅन ९००१.

महोदय,
स. न. वि. वि.

संदर्भातल्या आकड्यांना पत्रे म्हटले म्हणून रागावू नये. आपला आमच्याशी होणारा पत्रव्यवहार तेवढाच आहे. खेळ रात्रभर डाउनलोड व्हावा, सकाळी आयकॉनवर डबल क्लिक करावे, आणि खेळाऐवजी पडद्याच्या मधोमध पोस्टकार्डाएवढी खिडकी उघडावी. वर 'लाँच एरर', खाली '३०००५', शेजारी कंसात 'क्रिएटफाइल फेल्ड विथ ३२', आणि तळाशी एकुलते एक बटण : 'ओके'. म्हणजे अडवणूक आपली आणि संमती आमची. सरकारी कचेरीतला अव्वल कारकूनसुद्धा अर्ज परत करताना 'त्रुटींची पूर्तता करावी' एवढे तरी लिहितो. आपण त्रुटीचा नुसता अनुक्रमांक कळवता.

हे पत्र पहाऱ्याच्या विरोधात नाही, हे आधीच सांगून टाकतो. पाच विरुद्ध पाचच्या सामन्यात भिंतीपलीकडचे दिसणारा, आपोआप नेम लागणारा एक गडी घुसला की उरलेल्या नऊ जणांची संध्याकाळ फुकट जाते, हे खेळणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक आहे. वाल्व्ह कंपनीचे व्हॅक २००२ साली आले, बॅटलआय २००४ साली. त्या काळी पहारा बहुतेक ओसरीवर बसून चाले. पुढे चीट विकणारेच कर्नलमध्ये, म्हणजे विंडोजच्या देवघरात, शिरले आणि त्यांच्यामागोमाग आपणही शिरलात. २०२० साली व्हॅलोरंटबरोबर आलेले आपले बंधू व्हॅनगार्ड तर खेळ उघडण्याचीही वाट पाहत नाहीत. पीसी सुरू होतानाच त्यांचा ड्रायव्हर उठून बसतो, आणि त्यांना मध्येच घरी पाठवले तर पीसी रीस्टार्ट केल्याशिवाय खेळता येत नाही. ऑगस्ट २०२५ मध्ये बॅटलफील्ड ६ ची खुली बीटा चाचणी सुरू झाली, तेव्हा चीट करण्याचे किंवा पहाऱ्याशीच छेडछाड करण्याचे ३ लाख ३० हजार प्रयत्न पहिल्या काही दिवसांतच रोखल्याचे ईए कंपनीने जाहीर केले होते. तेव्हा आपली गरज मान्य. देवघरात पथारी टाकलीत, तीही मान्य. मागणी एवढीच, की जो इतका आत येऊन बसतो त्याने घरमालकाला दारात अडवताना कारणही तितकेच उघडपणे सांगावे. जेवढी किल्ली मोठी, तेवढा खुलासा मोठा.

आता त्या ३२ कडे वळू, कारण सगळा पुरावा त्याच आकड्यात आहे. 'क्रिएटफाइल' हे विंडोजचे फंक्शन. नावाने फसू नये. नवी फाइल तयार करायलाही तेच वापरतात आणि असलेली उघडायलाही तेच. ३२ हा आकडाही आपला नव्हे, विंडोजचाच. कमांड प्रॉम्प्ट उघडून 'नेट हेल्पएमएसजी ३२' अशी कमांड दिली, की विंडोज एका सरळ वाक्यात सांगते : ही फाइल दुसरी प्रोसेस वापरत आहे, म्हणून ती उघडता येत नाही. संपले रहस्य. हे वाक्य विंडोजपाशी तयार पडलेले असते आणि प्रोग्रामने 'फॉरमॅटमेसेज' नावाच्या फंक्शनला आकडा दिला की ते हातात मिळते. आपण मात्र वाक्य तिथेच ठेवून आकडा तेवढा उचलून आणता. डॉक्टरने तपासणी करून आजाराऐवजी केसपेपरचा नंबर सांगावा तसे. बरे, फाइल धरून बसलेली ती दुसरी प्रोसेस कोण, हेही गुपित नाही. विस्टाच्या काळापासून विंडोजमध्ये रीस्टार्ट मॅनेजर आहे आणि कोणती फाइल कोणी अडवली आहे हे तो नावानिशी सांगू शकतो. एखादे सॉफ्टवेअर अपडेट करताना 'आधी हे प्रोग्राम बंद करा' अशी जी यादी येते, ती अशाच चौकशीतून निघते. फाइल धरणारा कधी तिची तपासणी करत बसलेला अँटीव्हायरस असतो, तर कधी नुकत्याच बंद केलेल्या खेळामागे रेंगाळलेली आपलीच सर्व्हिस. कोण कोणाच्या मेमरीत डोकावतो हे टिपण्यासाठी ज्यांची नेमणूक झाली, त्यांना स्वतःच्या खोलीतली स्वतःची फाइल कोणी धरली आहे हे सांगता येऊ नये?

यावर आपले ठरलेले उत्तर आम्हाला पाठ आहे : कारणे उघड केली तर चोरांचे फावेल. हा आक्षेप पोकळ नाही. तो चुकीच्या जागी वापरला जातो, एवढेच. चीट कशी ओळखली, कोणत्या खुणेवरून ओळखली, हे आपण जरूर लपवावे. म्हणूनच चीट सापडल्यावर लगेच बॅन न करता काही काळ थांबून एकदम जाळे ओढण्याची पद्धत आहे. नेमक्या कोणत्या चुकीने पकडले गेलो हे चीटकारांना कळू नये, हा त्यामागचा हिशेब शहाणपणाचाच आहे. पण ३२ म्हणजे काय हे कोणापासून लपते? कर्नलचा ड्रायव्हर लिहिणाऱ्या चीटकाराला विंडोजचे आकडे तोंडपाठ असतात. ५ म्हणजे परवानगी नाकारली, १०५८ म्हणजे सर्व्हिस बंद करून ठेवलेली, १२७५ म्हणजे ड्रायव्हरला विंडोजनेच अडवले, हे त्याला विचारावे लागत नाही. विचारावे लागते ते दहावीची परीक्षा संपली म्हणून खेळायला बसलेल्या मुलीला आणि कामावरून येऊन तासभर मोकळा झालेल्या माणसाला. चोराला वाचता येणारी आणि मालकाला न येणारी पाटी लावण्यात सुरक्षा ती कसली? आपल्याकडच्या माहिती अधिकार कायद्यातही गोपनीयतेला जागा आहे, तरी अर्ज फेटाळताना कारण कळवावेच लागते. गुपित राखणे आणि नकाराचे कारण सांगणे या दोन गोष्टी शेजारी शेजारी नांदू शकतात, हे २००५ सालीच मान्य झालेले आहे.

कारण न सांगितल्याने नुसता वैताग होत असता तर हे पत्र लिहिलेच नसते. खरे नुकसान पुढच्या पायरीवर होते. आकडा घेऊन माणूस मदतीच्या पानावर जातो आणि तिथे त्याला काढ्यांची यादी मिळते. राइट क्लिक करून 'रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर' करा. इन्स्टॉलरमधले 'रिपेअर' दाबा. जमले नाही तर फोल्डरमधली ड्रायव्हरची फाइल उडवून पुन्हा इन्स्टॉल करा. अँटीव्हायरस थोडा वेळ बंद करा. फायरवॉलमध्ये सूट द्या. विंडोजचे मेमरी इंटिग्रिटी बंद करून पाहा. यादी लिहिणाऱ्याला दोष देत नाही. तो आमच्या पीसीपासून हजारो मैलांवर बसून अंदाज बांधतो. प्रत्येक पीसी वेगळा, कारणे शंभर, हे त्याचे म्हणणे खरेच आहे. पण नेमक्या त्याच कारणाने खुलासा आपण द्यायला हवा, कारण त्या क्षणी त्या पीसीत हजर असलेले आपण एकटेच. आपण गप्प बसता, म्हणून एका कुलपासाठी बारा किल्ल्या फिरवाव्या लागतात. त्यातल्या निम्म्या किल्ल्या दुसऱ्या पहारेकऱ्यांना रजेवर पाठवण्याच्या. गंमत पुढेच आहे. चीट विकणाऱ्यांच्या सूचनापत्रातही डिफेंडर बंद करा, सिक्युअर बूट काढा, ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवा, असेच लिहिलेले असते. चोर आणि चौकीदार दोघेही आत येताना 'कुत्रा बांधून ठेवा' असेच म्हणू लागले, तर घरातल्याने ओळखायचे कसे?

ओळखणे का गरजेचे आहे, यासाठी ५७७ पाहावा. आपल्या घराण्यात 'ड्रायव्हर लोड एरर ५७७' अशी पाटी झळकते. विंडोजच्या भाषेत त्याचा अर्थ, ड्रायव्हरच्या फाइलवरची डिजिटल सही पटली नाही. हे ३२ सारखे किरकोळ भांडण नव्हे, ही धोक्याची घंटा असू शकते. फाइल डाउनलोड होताना मोडली असेल, किंवा कोणी बदललीही असेल. तरी मिळणारा काढा तोच : रिपेअर करा, अँटीव्हायरस बंद करा. कर्नलमध्ये गेलेल्या प्रत्येकावर डोळे मिटून विश्वास ठेवावा असा इतिहासही नाही. २०१३ साली ईएसईए या स्पर्धात्मक खेळांच्या मंडळाच्या अँटी-चीट क्लायंटमधून खेळाडूंच्या पीसीवर गुपचूप बिटकॉइन काढले जात होते आणि ते प्रकरण अमेरिकेच्या न्यू जर्सी राज्यात तडजोडीपर्यंत गेले. २०१६ साली स्ट्रीट फायटर ५ ला पहारा म्हणून जोडलेल्या ड्रायव्हरने कोणत्याही प्रोग्रामला कर्नलमध्ये कोड चालवायला वाट करून दिली. खेळ बनवणाऱ्या कॅपकॉमला तो ड्रायव्हर आणणारा अपडेट मागे घ्यावा लागला. २०२२ मध्ये गेन्शिन इम्पॅक्टचा अँटी-चीट ड्रायव्हर रॅन्समवेअरवाल्यांनी अँटीव्हायरस बंद पाडायला वापरला. ज्यांच्यावर हल्ला झाला त्यांच्याकडे तो खेळ असण्याचीही गरज नव्हती. ड्रायव्हरवर अस्सल सही होती, तेवढी पुरली. कुंपणाने शेत खाल्ल्याची ही उदाहरणे आपल्यावर ढकलत नाही. पण विंडोजने एखाद्या ड्रायव्हरला 'नको' म्हटले, तर ते बरोबरही असू शकते, एवढे तरी यातून कळावे. 'फाइल अडकली आहे' आणि 'या फाइलवर भरवसा नाही' हे दोन नकार एकाच छापाच्या खिडकीतून देणे म्हणजे घंटा आणि घुंगरू एकाच खुंटीला टांगणे होय.

व्हॅनगार्डांच्या बाजूने एक सांगितले पाहिजे : त्यांचे व्हॅन ९००१ निदान वाक्य बोलते. टीपीएम २.० आणि सिक्युअर बूट चालू हवे, असे स्पष्ट लिहून येते. पण पहिल्या वाक्यातच त्यांचा दम संपतो. लॅमिंग्टन रोडवरून सुटे भाग आणून जुळवलेला, जुन्या विंडोजवरून पायरी पायरीने वर चढवलेला पीसी असेल, तर त्याची डिस्क जुन्या एमबीआर पद्धतीने विभागलेली असू शकते. सिक्युअर बूटसाठी बायोसमधला जुना सीएसएम मोड बंद करावा लागतो. डिस्क नव्या जीपीटी पद्धतीत न बदलता तो बंद केला, की खेळ राहिला बाजूला, विंडोजच उठत नाही. डिस्क बदलायला मायक्रोसॉफ्टचे स्वतःचे साधन आहे. अट एकच, ते आधी वापरावे लागते. दुसरीकडे ज्या लॅपटॉपवर बिटलॉकर आधीपासून चालू आहे, तिथे हे बदल केल्यावर निळ्या पडद्यावर ४८ अंकी रिकव्हरी की मागितली जाऊ शकते. म्हणजे चार अंकी एररपासून निघालेला माणूस ४८ अंकी प्रश्नाशी पोहोचतो. 'आधी डिस्क तपासा, बिटलॉकर तात्पुरता थांबवा' ही सहा शब्दांची ओळ त्या खिडकीत मावली नसती का? बॅटलफील्ड ६ च्या तांत्रिक संचालकांनी तरी मुलाखतीत कबूल केले, की सिक्युअर बूटच्या सक्तीमुळे काही जण खेळापासून वंचित राहतात आणि ही सक्ती करावी लागली नसती तर बरे झाले असते. कबुलीने बायोस बदलत नाही. तरीही माणूस माणसाशी बोलला, एवढे बरे वाटते.

राहता राहिला शेवटचा आक्षेप, आणि तो सहसा छाती पुढे काढून येतो : पटत नसेल तर खेळू नका, जबरदस्ती आहे का? नवा खेळ घेताना हे ऐकून घेता येते. पण जीटीए ५ पीसीवर आला २०१५ साली आणि त्याच्या ऑनलाइन भागावर बॅटलआय बसले सप्टेंबर २०२४ मध्ये. त्या दिवशी लिनक्सवर चालणाऱ्या स्टीम डेकवर ऑनलाइन खेळणाऱ्यांचे दार बंद झाले. बॅटलआय तिथेही चालू शकते, फक्त खेळाच्या कंपनीने होकार द्यावा लागतो. लीग ऑफ लेजेंड्स २००९ चा; व्हॅनगार्ड तिथे आले २०२४ मध्ये, लोकांनी आपापल्या पात्रांच्या पोशाखांवर पंधरा वर्षे पैसे खर्चून झाल्यावर. भाडेकरू पंधरा वर्षे राहिल्यावर गेटवर नवा वॉचमन नेमून 'पटत नसेल तर घर सोडा' म्हणण्यातलाच हा प्रकार. नवा वॉचमन जरूर नेमावा. त्याने निदान 'तुमचे ओळखपत्र जुने आहे, ऑफिसातून नवे घ्या' इतके बोलावे. '३०००५' म्हणून शिट्टी फुंकू नये.

तरी विनंती, की पुढच्या अपडेटमध्ये त्या खिडकीत तीन ओळी वाढवाव्यात : कोणती फाइल, कोणी अडवली, आणि नकार आपला की विंडोजचा. शेवटची ओळ सर्वांत महत्त्वाची, कारण अँटीव्हायरस बंद करायचा की नाही हे तिच्यावर ठरते. जागा कमी पडत असल्यास 'ओके'चे बटण काढले तरी आमची हरकत नाही.

कळावे,
आपला,
ॲडमिनिस्ट्रेटर (नावापुरता)

ता. क. : या पत्राची पोच आकड्यात देऊ नये.