चि. मुदतठेवीस खुले पत्र

मु. जळगाव, ऐन वैशाख

चि. मुदतठेव हीस,
अनेक उत्तम आशीर्वाद.

पत्र आपल्या विद्यापीठाच्या कुलगुरूंना लिहिणार होतो, पण त्यांना कामं फार. तू मात्र मुदत संपेपर्यंत मोकळीच.

तुझ्या परदेशी बहिणींचे हाल ऐकतो. 2014 मध्ये ग्लासगो विद्यापीठानं कोळसा-तेल कंपन्यांतली गुंतवणूक काढून घ्यायचं ठरवलं. विद्यार्थ्यांनी वर्षानुवर्षं पिच्छा पुरवला, तेव्हा 2021 मध्ये हार्वर्डही नमलं. त्यांचं चुकलंच, शेअर घेतले की कंपनीचं नाव उघड होतं. आपल्याकडे विद्यापीठांचा राखीव पैसा बहुधा बँकेत निजतो. बँक तो पुढे कुणाला देते, हे विचारणं घरंदाज माणसाला शोभत नाही.

काही खोडसाळ लोक म्हणतात, रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार बँका उद्योगवार कर्जांचे तक्ते प्रसिद्ध करतात, त्यात खाणी आणि वीजनिर्मितीचेही आकडे असतात. असतील! छापलेलं सगळं वाचत बसलं तर विद्यापीठं चालायची कशी?

इकडे दीपनगरच्या कोळशावरच्या वीजकेंद्राची धुराडी धूर ओकतात, भुसावळचा पारा पंचेचाळिशी ओलांडतो, रावेर-यावलच्या केळीबागा होरपळतात. पण आपण हवामानबदलावर चर्चासत्र घेतो, तुझ्या व्याजातून चहापान करतो. शिवाय 2018 मध्ये आपल्या विद्यापीठाला कवयित्री बहिणाबाईंचं नाव दिलं, तेव्हाच मातीचं देणं फिटलं.

‘तुमचा पंखा दीपनगरच्याच विजेवर फिरतो ना?’ असं मला सुनावलं जातं. फिरतो. दीपनगरला उद्याच कुलूप ठोका, असं मी म्हणतही नाही. पण धुळे जिल्ह्यात साक्रीजवळ शिवाजीनगरला दीपनगर चालवणाऱ्या महानिर्मितीचाच 125 मेगावॉटचा सौरप्रकल्प 2013 पासून आहे, ब्राह्मणवेलला पवनचक्क्या आहेत. पैशाला तिकडची वाट ठाऊक आहे. कुणी पाठवायला हवं.

एक काळजी वाटते. वार्षिक हिशेब विद्यापीठाच्या अधिसभेपुढे येतात. एखादा सदस्य उठून विचारायचा, ‘आपली ठेव असलेल्या बँकेनं कोळशाला किती कर्ज दिलंय? ठेवीचं नूतनीकरण करताना हे का पाहू नये?’ घाबरू नकोस. इतिवृत्तात ‘नोंद घेण्यात आली’ एवढं लिहिलं की प्रश्न मिटतो.

मात्र पुढच्या बैठकीत त्यानं तोच प्रश्न पुन्हा विचारला, तर त्याचं नाव मला तातडीनं कळव. अधिसभेच्या निवडणुकीत माझं एक मत आहे, अजून कुणाला कबूल केलेलं नाही.

तुझा,
एक नोंदणीकृत पदवीधर