सहसंबंधकाका

निवृत्तीनंतर काहींना गुडघेदुखी जडते, काहींना एक्सेल. दुसऱ्या प्रकारचा एक तरी गृहस्थ प्रत्येक सोसायटीत असतो. आमच्याकडच्यांना सगळे सहसंबंधकाका म्हणतात.

आकड्यांचे दोन रकाने शेजारी दिसले की काकांचे हात शिवशिवतात. 'कोरेल'चं सूत्र टाकायचं, एंटर मारायचा आणि उणे १ ते अधिक १ मध्ये जे पडेल ते तीन दशांशांसह व्हॉट्सअॅप ग्रुपवर. "आर बरोबर ०.९१२! आता बोला." कोण बोलणार? बोलणाऱ्याला काका पुढच्या रकान्यात घालतात.

हा ०.९१२ पाण्याचे टँकर आणि आंब्याच्या पेट्यांचा. दोन्हींची नोंद वॉचमनच्या रजिस्टरातली, त्यामुळे पुरावा पक्का. लोक आंबे भिजत घालतात, म्हणून पाणी संपतं. सबब पेट्यांवर मर्यादा घालावी, असा ठरावच त्यांनी कमिटीपुढे ठेवला. "अहो, दोन्ही उन्हाळ्यातच येतात," सेक्रेटरी म्हणाले. "उन्हाळ्याचा रकाना कुठंय?" काकांनी विचारलं.

मोठमोठ्या ठिकाणीही असले आकडे निघतात म्हणा. 'न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन'मध्ये 2012 साली 23 देशांचा हिशेब छापून आला होता: माणशी चॉकलेट किती आणि कोटी लोकांमागे नोबेल किती. आर ०.७९१! लिहिणाऱ्यानं तो गालात जीभ घोळवत लिहिला होता. काकांनी मात्र नातवाला रोज एक चॉकलेट सुरू केलं. दाढ किडली. नमुना लहान होता, असं काकांचं मत.

काकूंचा चहाही सुटला नाही. साखर शून्य ते चार चमचे, पाच कप, दर कपाला चवीचे दहापैकी गुण: २, ६, ९, ६, २. आर आला शून्य. "साखरेचा चवीशी काडीचा संबंध नाही," काकांनी जाहीर केलं. दोन चमच्यांपर्यंत चव चढते आणि पुढे उतरते, हे काकूंना कपाटातल्या डब्यापाशी उभ्या उभ्या कळतं. आरला कळत नाही. तो फक्त सरळ रेषेपुरतं बघतो. दुसऱ्या दिवशी काकांना बिनसाखरेचा मिळाला.

कॉलेजात संख्याशास्त्र शिकवणाऱ्या भाचीनं एकदा त्यांना अँस्कोम्बचे 1973 चे चार आलेख दाखवले. एकात ठिपके रेषेच्या आसपास विखुरलेले, दुसऱ्यात स्वच्छ कमान, तिसऱ्यात शिस्तीच्या रांगेतून एकच फुटलेला, चौथ्यात एक लांबचा ठिपका सोडला तर सगळे एका उभ्या खांबावर. चारही ठिकाणी आर ०.८१६. आकड्याआधी चित्र बघा, एवढंच तिला सांगायचं होतं. काका भारावले. "चित्र कसलंही असो, आर हलत नाही. याला म्हणतात भरवसा!" आर ०.५ म्हणजे पन्नास टक्के नव्हे, वर्ग करून पंचवीस टक्के चढउताराचाच हिशेब लागतो, हे सांगण्याचा धीर मग तिला झाला नाही.

येत्या रविवारी वार्षिक सभा आहे. मेंटेनन्स वाढला तशा तक्रारी घटल्या, आर उणे १, तेव्हा मेंटेनन्स दुप्पट करा, असा काकांचा ठराव आहे. आकडे दोनच वर्षांचे आहेत, आणि दोन ठिपक्यांतून रेघ कशीही जातेच. शिवाय तक्रारवही जूनपासून हरवलेली आहे. सभासदांनी कृपया वेळेवर यावं. गणपूर्ती झाली नाही तर अर्ध्या तासानं आहेत तेवढ्यांत ठराव मंजूर होतो.