भूमिका : स्वतः

आपल्या सिनेमात एखादा तारा ‘स्वतःच्या भूमिकेत’ येतो म्हणजे काय करतो? गाडीतून उतरतो, गॉगल काढतो, नायकाच्या पाठीवर थाप मारतो आणि जातो. दीड मिनिटाचं काम. तेवढ्यातही तो स्वतः नसतोच. स्वतःचं होर्डिंग असतो.

ही भूमिका करावी तर फ्रान्सच्या आन्येस वार्दानं. बाई दिग्दर्शिका. १९५५ साली स्टुडिओवाल्यांचा उंबरा न झिजवता पहिला सिनेमा काढला, पुढची पंचेचाळीस वर्षं बहुतेक इतरांनाच कॅमेऱ्यापुढे उभं केलं आणि सत्तरी ओलांडल्यावर स्वतः ठाण मांडलं.

२००० साली त्यांनी सरवा वेचणाऱ्यांवर माहितीपट केला. वेडेवाकडे म्हणून शेतात टाकून दिलेले बटाटे लोक गोळा करतायत. बाई त्यातले बदामाच्या आकाराचे निवडून घरी नेतायत. मग एका हातात छोटा डिजिटल कॅमेरा धरून दुसऱ्या हाताचं चित्रण. सुरकुत्या, डाग, सगळं जवळून. रंगवलेल्या केसांखालची पांढरी मुळंही. एकदा कॅमेरा बंद करायचाच राहिला आणि लेन्सचं झाकण जमिनीवर लोंबकळत चित्रित झालं. दुसऱ्या कुणी ते गुपचूप कापलं असतं. बाईंनी त्याला जॅझ लावून नाचवलं.

२००८च्या आत्मचरित्रपटात तर सुरुवातीलाच सांगून टाकलं, की मी एका गुबगुबीत, बडबड्या म्हातारीची भूमिका करतेय. म्हणजे ‘मी’ हेसुद्धा सोंगच, पण निदान कबूल केलेलं! आपल्याकडे मेकअपमनला तासभर बसवून मग ‘मी आहे ही अशी आहे’ म्हणतात.

८९व्या वर्षी ऑस्करचं नामांकन मिळालं. नामांकितांच्या मेजवानीला जाणं जमेना, तर बाईंनी स्वतःचे पुठ्ठ्याचे पूर्णाकृती पुतळे धाडले. हॉलिवूडकर त्यांच्याशेजारी उभे राहून हौसेनं फोटो काढत होते. आमचे तारे जातीनं येतात आणि पुठ्ठ्याचे वाटतात. बाईंचा पुठ्ठाही मेजवानी गाजवून आला.

हे सगळं पाहून मी भारावलो आणि व्हॉट्सॲपचा डीपी बदलायला घेतला. अस्सल, जसा आहे तसा. अकरा फोटो काढले, दहा उडवले.

अकराव्यात हनुवटी एकच दिसते.